पाठांतर की समज?

पाढे घडाघडा म्हणणारी मुलं मध्येच ‘सात आठे किती?’ विचारलं की अडखळतात. माझ्या वर्गात हे नेहमीचंच. यावरचा उपाय मला एका व्हिडिओ गेममध्ये दिसला.

निंटेंडोचा ‘झेल्डा : अ लिंक टू द पास्ट’ १९९१ साली जपानमध्ये आला. आज इम्युलेटर, म्हणजे जुन्या यंत्राची नक्कल करणारा प्रोग्रॅम, टाकला की तो संगणकावर चालतो. आपल्याकडच्या मूळ गेमची फाइल रँडमायझरला दिली, की तो पेट्यांमधल्या वस्तूंची अदलाबदल करून नवी फाइल देतो. पहिल्याच पेटीत हातोडासुद्धा निघू शकतो! मात्र गेम पूर्ण करता येईल, एवढी काळजी तो घेतो.

इथे वाट पाठ केलेला खेळाडू अडतो. हातोड्याने खुंट्या ठोकल्या की कुठली वाट मोकळी होते, हे उमजलेला मात्र पुढे जातो.

आपले सरावसंचही असेच हवेत. क्रम बदललेला, आकडे बदललेले, पण सुटणारे. दरवर्षी तीच प्रश्नपत्रिका झेरॉक्स करून आपण मुलांची समज नाही, फक्त आठवण तपासतो. पटतंय का?