सुट्टीचा पगार : दान कीं देणें ?

दिवाळी जवळ आली म्हणजे आमच्या बाजारपेठांतून लक्ष्मीपूजनाची तयारी सुरू होते. नव्या वह्यांवर कुंकवाचें स्वस्तिक काढलें जातें, आणि ज्या नोकरानें वर्षभर दुकानाचा भार वाहिला त्यास पाडव्याची सुट्टी देतांना धनी मोठ्या औदार्यानें सांगतो, ‘जा, तुझा पगार कापणार नाहीं !’ या औदार्यास हसावें कीं रडावें, हेंच आम्हांस समजत नाहीं. कारण जें आपण दिलें असें धन्यास वाटतें, तें मुळीं त्याचें नव्हतेंच.

सुट्टी ही मालकाच्या मर्जीची वस्तु नव्हे, ही गोष्ट मुंबईच्या गिरणीकामगारांस मोठ्या कष्टानें पटवून द्यावी लागली. कै. नारायण मेघाजी लोखंडे यांच्या चळवळीमुळें 1890 च्या जून महिन्यांत गिरणीमालकांनीं रविवारची सुट्टी मान्य केली. परंतु वार्षिक सुट्टी पगारासह मिळण्याचा हक्क कारखान्यांच्या कायद्यांत येण्यास 1945 साल उजाडावें लागलें. मध्यंतरीं अर्धशतकाहून अधिक काळ लोटला ! पगारावांचून सुट्टी म्हणजे हातावर पोट असलेल्यास सक्तीची एकादशीच होय.

आतां दुकानें व पेढ्या यांसंबंधीं महाराष्ट्राचा 2017 चा कायदा काय म्हणतो तें पाहूं. वर्षांतून आठ दिवस किरकोळ रजा पगारी. ती त्याच वर्षांत घ्यावयाची. ज्यानें वर्षांत 240 दिवस काम केलें, त्यास दर वीस दिवसांच्या कामामागें एक दिवस याप्रमाणें अर्जित रजा. ती 45 दिवसांपर्यंत सांठवितां येते. शिवाय आठ सणांच्या सुट्ट्या पगारी. त्यांपैकीं 26 जानेवारी, 1 मे, 15 ऑगस्ट व 2 ऑक्टोबर या ठरलेल्या. उरलेल्या चार मालक व कामगार यांनीं वर्षारंभापूर्वीं आपसांत ठरवावयाच्या. म्हणजे 300 दिवस राबणाऱ्या कारकुनास पंधरा दिवसांची अर्जित रजा मिळते. वीस दिवस राबून एकविसाव्या दिवसाची कमाई ज्यानें अगोदरच करून ठेविली, त्यानें ती मागितली तर ती भीक कशी ?

सणाच्या दिवशीं नोकरास कामावर बोलावूं नये, असें कायदा म्हणत नाहीं. मात्र बोलाविल्यास सरासरी रोजाच्या दुप्पट पैसे व त्याऐवजीं दुसऱ्या दिवशीं सुट्टी, अशीं दोन्हीं द्यावीं लागतात. ज्याचा सरासरी रोज 600 रुपये, त्यास 15 ऑगस्टच्या कामाबद्दल 1200 रुपये आणि पुढें एक दिवस रजा. आमच्यांतील कित्येक दुकानदार मात्र मिठाईचा पुडा हातीं ठेवून हा सारा हिशेब चुकता झाला असें मानतात. उधारीच्या एका पैशासाठीं गिऱ्हाइकाच्या दारीं चार खेपा घालणाऱ्या माणसाची गणितबुद्धि याच ठिकाणीं कशी आंधळी होते, हें नवल आहे.

कोणी म्हणतील, ‘सुट्ट्या द्यावयाच्या तर धंदा बंद ठेवावा काय ?’ हा आक्षेप फोल आहे. याच कायद्यानें दुकान आठवड्याचे सातहि दिवस उघडें ठेवण्याची मोकळीक दिली आहे. अट एवढीच कीं, प्रत्येक कामगारास साप्ताहिक विश्रांति मिळावी. दुकानास विसावा नको असेल, परंतु माणसास हवा. पाळीपाळीनें रजा देण्यास भांडवल लागत नाहीं. एक रजेची वही व थोडी नियत लागते.

परंतु सर्व दोष व्यापाऱ्यांच्या माथीं मारून सरकारास सोडणें न्याय्य होणार नाहीं. 2017 सालीं या कायद्याच्या रजाविषयक तरतुदी दहा किंवा अधिक कामगार असलेल्या दुकानांपुरत्याच ठेविल्या गेल्या. किराण्याच्या दुकानांत पोतीं उचलणारा एकटा पोऱ्या त्यांच्या कक्षेबाहेरच राहिला. पुढें 2025 सालीं ही मर्यादा वीस कामगारांवर नेण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळानें केला. ज्याचें छत्र वाढवावयाचें, तेंच आखडतें घेण्याची ही रीति आम्हांस मुळींच पसंत नाहीं. दुकान लहान असलें म्हणून त्यांतील नोकराचा थकवा लहान होत नाहीं, आणि त्याच्या घरची आजारी माता थोडी कमी आजारी पडत नाहीं.

कायदा बदलेल तेव्हां बदलो. आमच्या व्यापारी बंधूंनीं तोंवर थांबण्याचें कारण नाहीं. ज्यांस कायदा लागू आहे त्यांनीं तो अक्षरशः पाळावा. ज्यांस लागू नाहीं त्यांनीं तो स्वसंतोषानें पाळावा. यंदा लक्ष्मीपूजनास बसण्यापूर्वीं प्रत्येकानें वही उघडून नोकराच्या खात्यावर किती दिवस देणें निघतें तें पाहावें. ज्या वहींत गरिबाचें देणें दडविलेलें आहे, तिच्यावर कितीहि कुंकू वाहिलें तरी ती चोख होत नाहीं.