भातशेती ही 'चूक' कशी?

गोव्यातील नगर नियोजन कायद्यात २०२३ मध्ये कलम १७(२) आले. हेतू काय, तर प्रादेशिक आराखड्यात 'अनवधानाने झालेली चूक' सुधारणे! शेतात भात पिकतो, नकाशावर ते शेत म्हणूनच दाखविलेले आहे, आणि ही म्हणे चूक!

खाजन जमिनीचे उदाहरण घ्या. भरतीच्या पातळीहून सखल अशी ही भूमी गावकरीच्या पूर्वजांनी बांध घालून, मानशींच्या झडपांनी खारे पाणी थोपवून कसली. पावसाळ्यात कोरगुट भात, मग मासळी. तेथे भराव पडला की पाणी शेजाऱ्याच्या शेतात आणि विहिरीत शिरते. (जुलै २०१८ मध्ये पाण्यात अडकलेल्या वसईकरांना हे निराळे सांगायला नको.) जमीन एकाची असेल, बांध मात्र साऱ्या गावाचा असतो. 'माझी जमीन, मी विकेन' म्हणणारे आपलेच काही बांधव हे सोयीस्करपणे विसरतात.

गोवा फाउंडेशन, खाजन सोसायटी आणि गोवा बचाव अभियान न्यायालयात गेले. मार्च २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने ह्या 'दुरुस्ती'चे नियम रद्द केले. परंतु अर्ज आल्यावर भूवापर बदलण्यासाठी ३९-अ हे दुसरे कलम सरकारने २०२४ मध्येच आणून ठेवले होते. पहिल्या दाराला कुलूप लागण्याआधीच दुसरे दार उघडे! आता त्या दाराशी अर्ज घेऊन जाणाऱ्यांत आपल्या धर्मग्रामातले किती जण आहेत, हे रविवारी चर्चच्या आवारात एकमेकांना विचारण्याची आपली तयारी आहे काय?