लेकीसाठी जपलेला पुरावा

सिरियातील अलेप्पो शहराचा पूर्व भाग २०१६ च्या डिसेंबरात सरकारी फौजांच्या हाती पडला. तेथून बाहेर पडणाऱ्यांत वाद अल-कतीब ही तरुणी होती. कडेवर वर्षाचीही न झालेली समा, आणि सामानात शेकडो तासांचे चित्रण! ‘अल-कतीब’ हे नावही घरच्यांच्या रक्षणार्थ घेतलेले.

अर्थशास्त्राच्या या विद्यार्थिनीने प्रथम उचलला तो साधा मोबाइल फोन. निदर्शने मुळी होतच नाहीत, असे राज्यकर्ते सांगत होते. हिने ती जगास दाखविली. पुढे शहरास वेढा पडला. पती हमझा तेथील रुग्णालयात डॉक्टर. त्यामुळे बिऱ्हाडही रुग्णालयातच, आणि बाँब तर रुग्णालयांवरच पडत होते. तेथून तिने धाडलेली दृश्ये ब्रिटनच्या चॅनल फोरने दाखविली. एडवर्ड वॉट्स यांच्यासह केलेला ‘फॉर समा’ हा अनुबोधपट २०१९ साली आला. कान व बाफ्टा येथे गौरविला गेला.

तान्ह्या मुलीस घेऊन वेढ्यात राहणे हा अविचार नव्हे काय, असे कोणी विचारील. प्रश्न वाजवी आहे. परंतु तोच तिने स्वतःस विचारला आहे, आणि लेकीस उद्देशून बोलताना तो लपविलेला नाही. गौरवापेक्षा आम्हांस याचेच मोल अधिक वाटते.

२०२४ च्या डिसेंबरात असद राजवट कोसळली. हे चित्रण आता न्यायासनापुढे गेले पाहिजे, आणि रुग्णालयांवर बाँब टाकण्याचा हुकूम देणाऱ्यांस त्यासमोर उभे केले पाहिजे.