पोपट, मुकादम आणि जोकरचा सूट

एप्रिलात गावी गेलो होतो. दारव्हा तालुका, जिल्हा यवतमाळ. गोदीतून आठ दिवस काढले म्हणजे आठ खाडे पडले. मूर्तिजापूरला उतरून एसटीनं घर गाठलं. जयंतीच्या स्टेजवर पोरांनी कवितेला उभं केलं. मी मुकादमाची कविता वाचली. मुकादम देवळात जाऊन देवाचीच हजेरी घेतो आणि देव दोन मिनिटं उशिरा आला म्हणून त्याचा खाडा मांडतो, अशी ती आहे. पोट्टे खदखदले, म्हाताऱ्या बाया तोंडाला पदर लावून हसल्या. खाली उतरलो तर एका जुन्या कार्यकर्त्यानं बाजूला घेतलं. "कविता बरी हाय गा, पण बाबासाहेबाच्या स्टेजवर थट्टा शोभत नाही."

पाच मिनिटांत मिरवणुकीचा डीजे लागला. वाजलं काय? आनंद शिंदेंचा 'नवीन पोपट'! आणि आमचे काका हात वर करून सगळ्यांच्या पुढे.

दोस्तहो, ही काय भानगड आहे? हसू नाचायला चालतं आणि बोलायला चालत नाही?

आता पोपटाचंच बोलू. ते गाणं १९८० च्या दशकातलं. त्याआधी तबकडी काढायची म्हणजे मोठी कंपनी, मोठा स्टुडिओ, आणि गाणं कोणाचं घ्यायचं ते ठरवणारा मोठ्या आळीतला साहेब. कॅसेट आली आणि साहेबाची गादी हलली. पीटर मॅन्युएल नावाच्या गोऱ्या अभ्यासकानं त्यावर १९९३ साली अख्खं पुस्तक लिहिलं, 'कॅसेट कल्चर'. प्रल्हाद शिंदेंचा गळा वारीतही चालायचा, कव्वालीतही आणि भीमगीतातही. त्याच घरातनं आनंद शिंदे पोपट घेऊन आले. पानटपरी, एसटी स्टँड, लग्नाची वरात, सगळीकडे तोच. सदाशिवपेठी नाकांनी 'पांचट' म्हटलं, ते म्हणणारच. पण आमच्यातल्या क्वार्टर मिळालेल्यांनीही ती कॅसेट कपाटात मागे सारली आणि पाहुण्यांपुढे गझल लावली. ती लाज आम्हाला अजून पुरती सुटलेली नाही.

गोदीत माझ्या पाळीला एक पोरगा आहे, मोबाइलवर काहीबाही ऐकत असतो. त्यानं एकदा डेड केनेडीज ऐकवले. सॅन फ्रान्सिस्कोची पंक टोळी. १९८० साली त्यांचा पहिला अल्बम आला, 'फ्रेश फ्रूट फॉर रॉटिंग व्हेजिटेबल्स'. सडक्या भाज्यांसाठी ताजी फळं! इंग्रजी मला अर्धंच कळलं, पण थट्टा पुरती कळली. एका गाण्यात न्यूट्रॉन बॉम्बचं कौतुक आहे. माणसं मरतात, मालमत्ता शाबूत राहते, झोपडपट्टीचा प्रश्न एका रात्रीत खलास! हे सगळं पार्टीत नाचायच्या थाटात. आमच्याकडचे बुलडोझरवाले ऐकतील तर त्यांना योजनाच वाटेल.

कव्हरवर पोलिसांच्या जळत्या गाड्या आहेत. २१ मे १९७९ चा फोटो. हार्वे मिल्क आणि महापौर मॉस्कोनी यांना गोळ्या घालणाऱ्याला कोर्टानं खुनातनं सोडवून सदोष मनुष्यवधावर निभावलं, त्या रात्री शहर पेटलं. आपल्याला हे काय नवीन आहे? खैरलांजीत २००६ साली भोतमांगेंच्या घरातली चार माणसं संपवली आणि २०१० साली हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठातही अ‍ॅट्रॉसिटी लागली नाही.

या टोळीचा गाणारा जेलो बियाफ्रा १९७९ साली महापौरपदाला उभा राहिला. त्याची एक मागणी होती, शहरातल्या धंदेवाल्यांनी जोकरचे कपडे घालावेत. गडी चौथा आला! मात्र हेही सांगतो, त्याला दुसऱ्या दिवशी मुकादमापुढं उभं राहायचं नव्हतं. माझी कविता मुकादमाच्या कानावर गेली तेव्हा मला तीन दिवस पाळी मिळाली नाही. वर बघून हसायची किंमत प्रत्येकाला सारखी पडत नाही.

आणि हे हसू आपल्याला सॅन फ्रान्सिस्कोहून आणायचं कारण नाही. भीमराव कर्डकांचा जलसा आठवा. १९३० चं दशक. तमाशाचाच बाज, पण गणातनं गणपती गेला आणि बाबासाहेबांचा विचार आला. मग सोंगं यायची. भट यायचा, सावकार यायचा, आणि ज्यांच्या सावलीचा विटाळ होता तीच माणसं त्यांच्यावर पोट धरून हसायची. बाबासाहेब हयात असताना हे चाललं होतं. तेव्हा शोभत होतं, मग आत्ताच काय झालं, काका?

पोपटाशी माझं भांडण पांचटपणावरनं नाही. भांडण आहे ते हसू कोणाकडं तोंड करून आहे, यावर. त्या कॅसेटींच्या लाटेतलं पुष्कळसं हसू बाईवर, नवराबायकोवर, दारुड्यावर, म्हणजे आपल्याच गल्लीवर. जलशाचं तोंड वाड्याकडं होतं. एवढा मोठा गळा, भिंती थरथरवणारा, आणि गल्लीतच फिरवायचा? आनंद शिंदेंनी भीमगीतंही गायली, तिथं तोच गळा छाती काढून उभा राहतो. पण तिथं हसू नाही. आपण दोन कप्पे करून ठेवलेत, एकात राग आणि एकात गंमत, आणि मधे कुलूप.

पुढच्या जयंतीला तीच कविता वाचणार आहे. मुकादमाच्या शेजारी आता एक बिल्डर आणि एक आमदार घालतोय, दोघंही जोकरच्या सुटात. काकांना पहिल्या रांगेत खुर्ची ठेवा म्हणून सांगितलंय. आणि डीजेवाल्या पोट्ट्याला बजावलंय, मी खाली उतरेपर्यंत पोपट लावू नको.