घोड्याला विचारा

परवा एका दिवाळी अंकाच्या संपादकांनी माझा लेख साहाय्यकाच्या हाती देत म्हटलं, "असू द्या, खोगीरभरतीला होईल." मी दाराशी चपला घालत होतो. दुसरी चप्पल पायात जाण्यापूर्वीच माझं मत पक्कं झालं : मराठीत या शब्दाइतका अन्याय दुसऱ्या कुणावर झालेला नाही!

चिंध्या, गवत, हाताला लागेल ते खोगिरात कोंबतात. म्हणून निरुपयोगी मालाला आणि माणसांना 'खोगीरभरती' म्हणायचं. पण हा अर्थ ठरवला कुणी? वर बसणाऱ्याने! घोड्याला कुणी विचारलंय? अहो, स्वाराचा भार कण्यावर न येता दोन्ही अंगांना पसरतो तो या चिंध्यांमुळेच. त्या काढून घ्या, दोन कोसांत घोड्याची पाठ सोलवटेल आणि चौथ्या कोसाला स्वारही पायी चालेल.

मुळात खोगिराचा आकारच असा, की त्याच्याबद्दल एका बाजूने बोलूच नये. मानेकडून शेपटीकडे पाहा, मध्ये खोलगट. एका रिकिबीकडून दुसरीकडे पाहा, मध्ये उंचवटा! पुरंदर आणि वज्रगड यांच्यामधली भैरवखिंड घ्या. गडावरून गडाकडे जाणारा तिथे म्हणतो, 'उतार संपला'. पायथ्याकडून धापा टाकत आलेला म्हणतो, 'चढ संपला एकदाचा!' जागा तीच, आणि खोटं कुणीच बोलत नाही.

पु. ल. देशपांड्यांनी १९४९ साली आपल्या लेखसंग्रहाचं नावच 'खोगीरभरती' ठेवलं. स्वतःला तसं म्हणणं हा विनय झाला. दुसऱ्याला म्हणणं हा माज.

आमच्या घरी एक लांबची आत्या असायची. कुणाचं पोर सांभाळ, कुणाची समजूत काढ, उरलेलं कालवण आपल्याच ताटात वाढून घे, असा तिचा दिवस जायचा. पाहुणे तिला खोगीरभरतीतच मोजायचे. ती गेली आणि वर्षाच्या आत घरातली सगळी माणसं एकमेकांना टोचायला लागली. तोवर आम्हाला वाटत होतं, आम्ही स्वभावानेच मऊ!

असो. माझा लेख छापून आला. अलीकडे जाडजूड कादंबरी, पलीकडे वार्षिक राशिभविष्य. त्या दोघांचा भार सोसूनही पाठ शाबूत राहिली असेल, तर ती कुणामुळे, ते संपादकांना विचारू नका. घोड्याला विचारा. म्हणजे स्वतःलाच, रागावू नका!