बाळसे ओसरत नाही तेव्हा...

'बाळसेदार मूल' हे आपल्याकडे कौतुकाचे शब्द आहेत. गाल वर आलेले, अंग भरलेले मूल दिसले की शेजारीपाजारी गालगुच्चा घेतल्याशिवाय राहत नाहीत. पण हे बाळसे मूल धावू-खेळू लागले, की ओसरते. ज्या वयात ते ओसरायला हवे त्या वयात गाल उलट भरत चालले असतील, आणि तेही हाताला टणक लागत असतील, तर ते बाळसे नव्हे. आजचा लेख अशाच एका विकाराविषयी आहे. तो दुर्मिळ आहे हे खरे. परंतु त्याच्याबाबत घराघरांत आणि काही वेळा दवाखान्यांतही ज्या चुका होतात, त्या मुळीच दुर्मिळ नाहीत. म्हणून हा लेखनप्रपंच.

काही वर्षांपूर्वी सहा वर्षांच्या एका मुलाला घेऊन त्याची आई आणि आजी माझ्याकडे आल्या. तक्रार दाताची होती. खालचे दोन दुधाचे दात चौथ्या वर्षीच हलून पडले होते आणि त्या जागी नवीन काही उगवत नव्हते. मुलाचे दोन्ही गाल जबड्याच्या कोपऱ्यांपाशी फुगलेले होते. दुखत नव्हते, ताप नव्हता. सुरुवातीला 'गालगुंड' म्हणून लेप झाले, मग गोळ्या झाल्या. शाळेत मुले त्याला 'फुग्या' म्हणत, म्हणून तो दोन महिने शाळेत गेला नव्हता. एका ठिकाणी तर 'जबड्यात गाठी आहेत, लगेच काढून टाकू' असे सांगण्यात आले होते. आई घाबरून गेली होती. त्यात आजीचे पालुपद चालूच होते, "हिने दिवस राहिले असताना ग्रहण पाळलं नाही, डॉक्टरसाहेब."

मी विचारले, "घरात आणखी कुणाला असं झालं होतं का?" आजी आधी नाही म्हणाल्या. मग थोडे थांबून म्हणाल्या, "याच्या बापालाही लहानपणी गालगुंड झालं होतं. चांगलं चार-पाच वर्षं पुरलं. मग आपोआप गेलं."

वाचकहो, गालगुंड हा विषाणूंमुळे होणारा आजार आहे. तो आठ-दहा दिवसांत ओसरतो, वर्षानुवर्षे पुरत नाही. पुढच्या वेळी वडील आले ते चौथीतला वर्गाचा फोटो घेऊन. त्या फोटोत तिसऱ्या रांगेत हुबेहूब मुलासारखा चेहरा होता. समोर बसलेल्या गृहस्थांच्या चेहऱ्यावर मात्र आज कोणालाही काही वावगे दिसले नसते. फक्त तोंड उघडल्यावर खालच्या मागच्या दाढा नव्हत्या. त्या कधी उगवल्याच नव्हत्या.

या विकाराचे नाव 'चेरुबिझम'. युरोपातील जुन्या चर्चमधल्या चित्रांत फुगीर गालांचे, वर आकाशाकडे पाहणारे बालदेवदूत रंगवलेले असतात. त्यांना 'चेरब' म्हणतात. कॅनडातील डॉ. विल्यम जोन्स यांनी १९३३ साली एकाच कुटुंबातील भावंडांमध्ये हा विकार पाहून त्याचे वर्णन प्रसिद्ध केले आणि पुढे त्यांनीच हे नाव दिले. वरच्या जबड्यातही सूज असेल तर खालच्या पापण्या ओढल्या जातात, बुबुळाखालचा पांढरा भाग दिसू लागतो आणि मूल सतत वर पाहत आहे असे वाटते. नाव गोंडस आहे, दुखणे तसे नाही.

आपले हाड ही निर्जीव वस्तू नव्हे. जुने हाड झिजवणाऱ्या पेशी आणि नवे हाड घालणाऱ्या पेशी यांचे काम जन्मभर चालू असते. या विकारात झिजवणाऱ्या पेशी बेसुमार वाढतात. जबड्याचे हाड आतून पोखरले जाते आणि त्या जागी मऊ तंतुमय ऊतक भरते. त्यामुळे जबडा फुगतो. क्ष-किरण चित्रात तेथे साबणाच्या फेसासारखे बुडबुडे दिसतात आणि त्यांत दात जणू तरंगत असतात. अमेरिकेतील संशोधकांच्या एका गटाने २००१ साली यामागचे जनुक शोधून काढले. चौथ्या क्रमांकाच्या गुणसूत्रावरील या जनुकात बदल झाला, की त्यापासून बनणारे प्रथिन वेळच्या वेळी मोडीत निघत नाही, साठत जाते आणि पेशींना नको इतके कामाला लावते. बहुतेक रुग्णांमध्ये या जनुकातील दोष सापडतो, सर्वांत मात्र नाही.

आई किंवा वडील यांपैकी एकाकडे हा दोष असला तरी प्रत्येक अपत्यात तो उतरण्याची शक्यता निम्मी असते. एकाच घरात एकाला सौम्य आणि दुसऱ्याला तीव्र, असेही होते. काही मुलांत हा बदल नव्यानेच घडतो, आईवडील दोघेही निर्दोष असतात. ग्रहण, डोहाळे, आईने खाल्लेले-न खाल्लेले यांचा याच्याशी काडीचाही संबंध नाही. वर सांगितलेल्या घरात सहा वर्षे सून बोल खात होती, आणि दोष आला होता मुलाच्या बापाकडून. अर्थात त्या बापाचा तरी त्यात काय अपराध? जनुके कोणी निवडून घेत नाही. आजाराचे खापर कोणाच्या तरी डोक्यावर फोडण्याची आपली सवय मोडली, तर निम्मे दुखणे तेथेच हलके होईल.

सूज बहुधा दोन ते पाच वर्षांच्या वयात दिसू लागते, काही वर्षे वाढते, वयात येण्याच्या सुमारास थांबते आणि मग हळूहळू उतरू लागते. तिशीपर्यंत बहुतेकांचा चेहरा जवळजवळ सामान्य होतो. या मुलांची बुद्धी इतर मुलांसारखीच असते. हा कर्करोग नव्हे. म्हणूनच माझे स्पष्ट मत आहे, की केवळ चेहरा वेगळा दिसतो एवढ्यासाठी लहान वयात सुरी चालवण्याची घाई करू नये. वाढीच्या भरात खरवडलेली सूज पुन्हा येऊ शकते. श्वास, गिळणे, बोलणे किंवा दृष्टी यांना अडथळा होत असेल तर गोष्ट वेगळी, तेव्हा थांबून चालत नाही. किरणोपचाराने सूज जिरवण्याच्या भानगडीत मात्र कधीही पडू नये. त्यातून पुढे खरोखरीचा कर्करोग उद्भवण्याचा धोका असतो. काही औषधे मोजक्या रुग्णांवर वापरून पाहिली गेली आहेत, पण खात्रीचे म्हणावे असे औषध अजून हाती आलेले नाही.

याचा अर्थ हातावर हात ठेवून बसावे असा कोणी घेऊ नये. चेहरा काळाच्या ओघात सुधारतो, दात सुधारत नाहीत. दुधाचे दात वेळेआधी हलून पडतात. खालून येणाऱ्या पक्क्या दातांचे अंकुर जागचे सरकतात. काही दात वाकडे उगवतात, काही हाडातच अडकतात. दुसरी दाढ आणि अक्कलदाढ कित्येकदा तयारच होत नाहीत. टाळू अरुंद होते, जिभेला जागा पुरत नाही, शब्द बोबडे येतात. चावता येत नाही म्हणून मूल मऊ, चिकट, गोड पदार्थांकडे वळते आणि आहेत तेही दात किडतात. इथेच दंतवैद्याची खरी गरज आहे. असलेला प्रत्येक दात जपणे, कीड वेळीच भरणे, रिकाम्या जागी वाढत्या वयाप्रमाणे बदलता येईल अशी छोटी कवळी देणे आणि विकार शांत झाल्यावर तारा लावून दात ओळीत आणणे, ही कामे धीराची आहेत. 'हलतोय ना, मग उपटून टाका' हा सोपा मार्ग येथे महाग पडतो.

निदान करतानाही सावधपणा हवा. तुकडा काढून तपासला तर सूक्ष्मदर्शकाखाली जे दिसते, तेच जबड्याच्या आणखी काही विकारांतही दिसते. गळ्यातील पॅराथायरॉइड ग्रंथी बिघडली तरी हाडे अशीच पोखरली जातात. म्हणून मुलाचे वय, दोन्ही बाजूंची सूज, घरातील इतिहास, संपूर्ण जबड्याचे क्ष-किरण चित्र आणि रक्तातील कॅल्शियम, फॉस्फरस व पॅराथायरॉइड संप्रेरकाची तपासणी हे सर्व एकत्र मांडूनच निष्कर्ष काढावा.

येथे थोडे शासनासाठीही. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम २०१३ साली सुरू झाला. त्याच्या पथकांनी अंगणवाडीत वर्षातून दोनदा आणि शाळेत एकदा मुलांची तपासणी करावी अशी योजना आहे. योजना चांगली आहे. परंतु तोंड उघडायला लावून किडके दात मोजले, की दातांचा रकाना भरला असे होता कामा नये. दोन्ही हातांनी जबड्याचे कोपरे चाचपायला अर्धा मिनिटही लागत नाही. संपूर्ण जबड्याचे चित्र घेणारे यंत्र आणि ते वाचणारा माणूस प्रत्येक जिल्हा रुग्णालयात असलाच पाहिजे. एका चित्रासाठी मजुरी बुडवून मोठ्या शहराची वाट धरावी लागली, तर गरीब माणूस लेपावरच भागवणार.

पालकांनी एवढे ध्यानात ठेवावे :

१) दोन्ही गालांची न दुखणारी, टणक सूज महिनाभर टिकली तर ती गालगुंड समजू नये.

२) पाच वर्षांच्या आत, मार न लागता दात हलू लागले तर दंतवैद्याला दाखवावे.

३) घरात एकाला विकार असेल तर भावंडांचीही तपासणी करून घ्यावी. वडीलधाऱ्यांचे जुने फोटो बरोबर न्यावेत.

४) दर सहा महिन्यांनी दात तपासावेत आणि सर्व कागद एका पिशवीत जपून ठेवावेत.

५) शाळा सोडवू नये. गुरुजींना भेटून विकार समजावून सांगावा.

तो मुलगा पुन्हा शाळेत जाऊ लागला. सूज अजून आहे. ती काही वर्षे राहील हे आता घरच्यांना माहीत आहे. वर्गाचा तो जुना फोटो त्याच्या आईने भिंतीवर लावला आहे. कोणी गालांबद्दल विचारले की मुलगा फोटोतल्या तिसऱ्या रांगेकडे बोट दाखवतो आणि म्हणतो, "बाबांचेपण असेच होते."