पाया पडावं अशी गाडी

दसऱ्याला आपल्याकडे गाडी धुतली नाही असं घर सापडणार नाही. दोंडाईच्यात यंदाही तेच. सकाळपासून गॅरेजांपुढे गर्दी, झेंडूचे हार, चाकाखाली लिंबू, बॉनेटवर कुंकवाचं स्वस्तिक. मिरचीच्या पिकअपपासून कॉलेजच्या स्कूटीपर्यंत सगळ्यांचा मान. एका पोराने तर आपल्या बुलेटपुढे वाकून नमस्कार केला. मित्र लगेच खिदळले, "काय भो, बाप शे का तुना?"

मला मात्र वेटेल आठवला.

२७ ऑक्टोबर २०१३. ग्रेटर नोएडाचं बुद्ध सर्किट. इंडियन ग्रां प्री जिंकून सेबॅस्टियन वेटेल सलग चौथ्यांदा फॉर्म्युला वनचा विश्वविजेता झाला. वय २६. नियमाप्रमाणे गाडी आत आणून ठेवायची असते. याने ती मुख्य स्टँडसमोर गरागरा फिरवली, टायरच्या धुरात थांबवली, खाली उतरला आणि गुडघे टेकून गाडीपुढे चक्क लोटांगण घातल्यासारखा वाकला. मग हातमोजे प्रेक्षकांत भिरकावले. या सोहळ्याबद्दल त्याला ताकीद आणि टीमला २५ हजार युरो दंड. मी तेव्हा दहा वर्षांची होते, हे सगळं खूप नंतर यूट्यूबवर पाहिलं. पण जर्मन माणूस भारतात येऊन खंडेनवमी करतो, असंच तेव्हा वाटलं होतं.

गाडी होती रेड बुल आरबी-९. वेटेलने तिला नावही ठेवलं होतं, 'हंग्री हायडी'. (आपण बैलांना सर्जा-राजा म्हणतो, तसंच.)

ही गाडी काही आकाशातून पडली नव्हती. आधीच्या वर्षीच्या आरबी-८ चीच ती सुधारलेली आवृत्ती. तिचा मुख्य मेंदू एड्रियन न्यूई. जग कॉम्प्युटरवर गेलं तरी हा माणूस ड्रॉइंग बोर्डवर पेन्सिलने रेघा मारतो. फर्स्ट इयरला इंजिनिअरिंग ड्रॉइंगच्या शीटवरून रडणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं.

तिची खरी गंमत एक्झॉस्टमध्ये होती. घरी करून बघा: नळाची बारीक धार सोडा आणि चमच्याची फुगीर बाजू तिला हलकेच टेकवा. पाणी सरळ खाली न पडता चमच्याच्या वळणाला चिकटून वळतं. याला कोआंडा इफेक्ट म्हणतात. एक्झॉस्टचा झोत थेट गाडीच्या तळाकडे सोडायला २०१२ पासून नियमांनी मनाई केली होती. मग इंजिनिअरांनी पाइपाच्या पुढे बॉडीलाच असा उतार दिला, की गरम हवा त्याला चिकटत वळायची आणि मागच्या चाकाजवळ, जिथे हवी तिथेच पोहोचायची. तिथे ती पडद्यासारखं काम करायची. बाहेरची हवा तळाखाली घुसू द्यायची नाही. तळाखालचा दाब कमी राहिला की गाडी जमिनीला चिकटते आणि वळणावर ब्रेक कमी लावावा लागतो. कल्पना इतर टीमकडेही होती. ती सगळ्यात चांगली जमली रेड बुलला.

मग सीझनभर ही गाडी नुसती पळत सुटली का? नाही, आणि ही गोष्ट सांगावीशी वाटते ती यासाठीच. पहिल्या सहामाहीत तिचं टायरशी जमेना. पिरेलीचे टायर त्या वर्षी भराभर झिजत होते. बार्सिलोनाला वेटेलला चार वेळा पिटमध्ये यावं लागलं आणि तो चौथा आला. सिल्व्हरस्टोनला इतरांचे टायर चालत्या गाडीत फुटत होते. वेटेल पुढे होता, तर त्याचा गिअरबॉक्स गेला. उन्हाळी सुट्टीपर्यंत त्याने दहापैकी चार रेस जिंकल्या होत्या. हंगेरीपासून टायरची रचना बदलली, टीमनेही गाडीवर काम चालूच ठेवलं आणि ऑगस्टमधल्या बेल्जियमपासून नोव्हेंबरातल्या ब्राझीलपर्यंत वेटेलने नऊच्या नऊ रेस मारल्या. १९ पैकी १३. त्यातही लोकांनी पोडियमवर त्याची हुर्यो उडवली, कारण मलेशियात त्याने टीमचा आदेश झुगारून सहकारी मार्क वेबरला मागे टाकलं होतं. तो राग मला पटतो. पण गाडीवर राग धरता येत नाही.

भारतातली रेस तर या गाडीचं अख्खं चरित्र होती. पोलवरून निघालेला वेटेल नरम टायर टिकणार नाहीत म्हणून दुसऱ्याच लॅपला पिटमध्ये आला आणि थेट १७ व्या नंबरवर फेकला गेला. तिथून एकेकाला गाठत त्याने रेस जवळपास ३० सेकंदांच्या फरकाने जिंकली. त्याच दिवशी, तशीच गाडी चालवणाऱ्या वेबरचा अल्टरनेटर बंद पडला आणि तो बाहेर. वेबरला त्या अख्ख्या वर्षात एकही रेस जिंकता आली नाही. ज्या गाडीच्या पाया पडावं ती गाडीही अशी मध्येच दगा देते. दुसऱ्या दिवशी कुणीतरी तो अल्टरनेटर उघडून बसतं.

आणि आपण काय केलं? बुद्ध सर्किटवरची ती शेवटची एफ-वन रेस ठरली. तीन वर्षांत कारभार आटोपला. कस्टम, कर, कागदपत्रं यांचा गुंता होताच, पण मला सगळ्यात टोचतो तो करमणूक कर. उत्तर प्रदेश सरकारच्या लेखी हा खेळ नव्हता, करमणूक होती. शेकडो इंजिनिअरांचं वर्षभराचं काम आणि सर्कस, दोन्हींना एकच रकाना.

हाच रकाना आपल्या कॉलेजांत आहे. इंजिनिअरिंगची पोरं स्वतः एका सीटची रेसिंग कार डिझाइन करून, बांधून, पळवतात अशा स्पर्धा देशात होतात. सुप्रा एसएईइंडिया तर त्याच बुद्ध सर्किटवर भरत आली आहे. फॉर्म्युला भारत कोइमतूरला होते. मातीतल्या गाड्यांची बाहा पीथमपूरला, म्हणजे धुळ्याहून सेंधवा ओलांडलं की पुढच्याच टप्प्यावर. फॉर्म्युला स्टुडंटच्या नियमांत १००० पैकी ३२५ गुण तर गाडी न पळवताच मिळतात: डिझाइन समजावून सांगा, खर्चाचा हिशोब द्या, धंद्याची योजना मांडा. म्हणजे कॉमर्सवाला आणि माझ्यासारखी मास कॉमवालीही टीममध्ये लागते.

माझी एक मैत्रीण मेकॅनिकलला आहे. कॉलेजचं नाव लिहीत नाही, तिची अजून दोन सेमिस्टर बाकी आहेत. गेल्या वर्षी आठ जणांनी मिळून संध्याकाळी पाचनंतर वर्कशॉप उघडं मागितलं. उत्तर आलं, "आधी सिलॅबस संपवा, मग गाड्या गाड्या खेळा."

कॉलेजची अडचण मला कळते. वेल्डिंग करताना कुणाचा हात भाजला तर जबाबदार कोण? अशा गाडीचा खर्च लाखांत जातो, तो कुणी द्यायचा? प्रश्न खरे आहेत. पण रात्री नऊपर्यंत एक इन्स्ट्रक्टर थांबला, किल्लीची सही ठेवली, गॉगल-हातमोजे सक्तीचे केले, तर निम्मा प्रश्न सुटतो. पैशासाठी पोरं स्वतः दारोदार फिरतील. गणपतीची वर्गणी आपणच जमवतो ना? पहिल्या वर्षी गाडी शेवटची येईल, कदाचित ब्रेकच्या चाचणीतच अडकेल. चालेल. पुढच्या बॅचला हातात एक बिघडलेली गाडी तर मिळेल, सुधारायला. न्यूईलाही आरबी-९ च्या आधी आरबी-८ लागली होती. शिरपूर, धुळे, जळगाव, कुठल्याही एका कॉलेजने हे या टर्मला सुरू करावं.

तिच्या कॉलेजात दसऱ्याला वर्कशॉप उघडलं होतं. लेथला हार, नारळ, पेढे, सगळ्यांचा एक ग्रुप फोटो. तो लगेच कॉलेजच्या इन्स्टाग्रामवर. अर्ध्या तासात कुलूप. तिने मला वेगळा फोटो पाठवला, हार बाजूला सरकवून काढलेला. खाली लेथच्या बेडवर गंज चढलाय.